डाव्या खांद्याचा उतार

मापाच्या चिठ्ठीवर नाव नसतं. नाव वाचलं की कात्री बिचकते, असं कायदा करणाऱ्यांना वाटलं असावं, आणि ते काही अगदीच चुकीचं नव्हतं. चिठ्ठीवर एक सहा आकडी क्रमांक असतो, रंगाचं पहिलं अक्षर असतं आणि खाली मापं: मानेचा घेर, मागची मान, दोन्ही खांदे, दोन्ही खांद्यांचा उतार. बस्स. एवढ्यावरून माणूस ओळखता येत नाही, असं सरकारचं म्हणणं. सरकारी शिवणघरात गळपट्टे बेतणाऱ्या मास्तरांचंही बावीस वर्षं तेच म्हणणं होतं. त्या मंगळवारी सकाळी त्यांनी गठ्ठ्यातली सातवी चिठ्ठी उचलली, खडूची धार अंगठ्यानं तपासली, आणि मापं वाचता वाचता खडू परत खाली ठेवला. घेर साडेतेरा. मागची मान झुकलेली. उजवा खांदा पाच, डावा पावणेपाच. उतार उजवीकडे दीड, डावीकडे सव्वादोन. रंगाच्या रकान्यात 'वि'. त्यांनी चिठ्ठी उलटून पाहिली, मागच्या बाजूला कुणी 'गंमत केली' असं लिहून ठेवलं असेल तर पाहावं म्हणून. मागे काही नव्हतं. मग त्यांनी डोळे मिटले, आणि मिटल्या डोळ्यांपुढे तो खांदा जसाच्या तसा उभा राहिला. जगात आल्यावर त्यांनी ज्या गोष्टी सगळ्यांत आधी पाहिल्या असतील, त्यांतला तो एक. तो अक्काचा होता.

आई गेली तेव्हा मास्तर अकरा महिन्यांचे आणि अक्का दहाव्या वर्षात. बाप सकाळी कामावर गेला की घरात ही दोनच माणसं. अक्कानं भावाला डाव्या कडेवर घेतलं, कारण उजवा हात शेगडीला, नळाला, झाडूला मोकळा लागायचा, आणि एकदा घेतलं ते तीन-चार वर्षं खाली ठेवलंच नाही म्हणतात. हाड वाढायच्या वयात त्या हाडावर एक गुटगुटीत पोर बसलं आणि हाडानं मुकाट्यानं वळण घेतलं. हे मास्तरांना कुणी सांगितलं नव्हतं. सोळाव्या वर्षी ते उस्तादाकडे शिवण शिकायला लागले, पहिला कोट अक्कासाठी बेतला, अगदी पुस्तकात दाखवतात तसे सरळ खांदे काढले, आणि तो कोट अक्काच्या अंगावर डावीकडून असा लोंबला की ती स्वतःच आरशात बघून हसत सुटली. उस्ताद हसला नाही. त्यानं टेप काढली, अक्काचे दोन्ही उतार घेतले, मास्तरांपुढे धरले आणि म्हणाला, "कपडा मापाला शिवायचा नसतो, माणसाला शिवायचा असतो. आणि हा खांदा कुणामुळे उतरलाय, ते घरी जाऊन विचार." मास्तरांनी विचारलं नाही. त्यांना लगेच कळलं होतं, आणि कळल्यावर कानशिलं तापली होती. तेव्हापासून अक्काचा प्रत्येक कपडा त्यांनीच शिवला. शहरात उतरत्या खांद्याची माणसं हजार असतील, ते स्वतःला समजावू लागले. ओझी वाहणारे असतात, दप्तरं लटकवणारे असतात. पण साडेतेरा घेर, ती मान आणि तो उतार, तिन्ही एकाच अंगावर? चोपन्नाव्या वर्षी मास्तरांना स्वतःची समजूत घालता येत नव्हती, हातातल्या मापपट्टीपुढे तर नाहीच.

गळपट्टा म्हणजे काही फार मोठं प्रकरण नाही. मानेभोवती उभी पट्टी, खाली दोन्ही खांद्यांवर पसरलेली गोल झालर, कपड्यांवरून घालायची, म्हणजे पुढूनही दिसावी आणि पाठमोरं जाणाऱ्याचीही दिसावी. अठरा पूर्ण झाली की दर्शनी कायद्याखाली प्रत्येकाला पहिला पांढरा मिळतो. माणूस आतून कसा आहे ते बाहेरून दिसलं पाहिजे, एवढं साधं तत्त्व. शाळेत पोरंसुद्धा हे घोकतात. किरकोळ दोष निघाले की राखाडी. राखाडीला फारसं कुणी मनावर घेत नाही. निम्मं शहर कधी ना कधी राखाडी होऊन परत पांढरं होतं, लग्नाच्या बोलण्यांत थोडी खळखळ होते इतकंच. विटकरी मात्र वेगळा. विटकरी गळपट्ट्याच्या माणसाला रस्त्यात कुणीही पांढरा थांबवू शकतो आणि विचारू शकतो, "काय केलंत?" आणि त्या माणसानं, हातात काहीही असो, कितीही घाई असो, जागच्या जागी उभं राहून निकालपत्रातली वाक्यं म्हणायची असतात. सगळी. एक शब्द गाळायचा नाही. संपली की जायला मोकळा, पुढच्या कोपऱ्यावर दुसरा विचारेपर्यंत. शाळा, दवाखाना आणि परक्याचं घर, या तीन उंबऱ्यांच्या आत विटकरी गळपट्ट्याला पाऊल टाकता येत नाही. आणि अक्काचा सगळा जन्म परक्यांच्या घरात गेला होता.

ती सोबत करायची. कुणाच्या घरी कुणी अंथरुणाला खिळलं, घरची माणसं थकली, की अक्काला निरोप यायचा. ती उशाशी बसायची, पाणी पाजायची, कूस बदलायची, ताप उतरेपर्यंत किंवा जीव जाईपर्यंत. आणि आजारी माणूस बोलतो. तापात तर फारच बोलतो. वरच्या मजल्यावरचे मुख्याध्यापक, शहरातला सगळ्यांत स्वच्छ पांढरा गळपट्टा त्यांचा, इस्त्रीसुद्धा कडक; ते एकदा दहा दिवस विषमज्वरानं पडले आणि अक्का दहा दिवस तिथे होती. बरे झाल्यावर ते जिन्यात अक्का दिसली की भिंतीकडे बघत उतरायचे. अक्का मुद्दाम थांबून त्यांच्या गुडघ्याची चौकशी करायची. "काय बडबडले गं ते तापात?" मास्तरांनी एकदा सहज विचारलं होतं, चवीनं विचारलं होतं म्हणा ना. अक्का वाटाणे सोलत होती. "पाणी मागत होते," ती म्हणाली. ताकास तूर लागू द्यायची नाही, ती नाहीच. मास्तरांना याचा राग यायचा आणि अभिमानही वाटायचा, आणि दोन्हींमधलं अंतर त्यांनी कधी मोजलं नव्हतं.

"मास्तर, आज कात्रीचा उपास आहे वाटतं," शेजारच्या टेबलावरून काजवाली म्हणाली. ती गळपट्ट्यांना काजं करायची, तीस वर्षं, आणि तिची जीभ तिच्या सुईपेक्षा जलद चालायची. मास्तरांनी चिठ्ठी खिळ्याला टोचली. "धार गेलीय," ते म्हणाले. "धार गेलीय तर द्या की लावून. मुकादम दोनदा बघून गेला. म्हणाला, आमचे मास्तर ध्यानाला बसलेत." ती हसली, मग मास्तरांकडे नीट बघून हसायची थांबली. "बरं नाही का?" तिनं हळू विचारलं. मास्तरांना वाटलं, सांगावं. फक्त एवढंच म्हणावं, की मापावरून माणूस ओळखता येतो गं. मग आठवलं की पुढच्या महिन्यात काजवालीची चौकशी आहे आणि ऐकलेलं तिथे झाकता येत नाही. "पित्त झालंय," ते म्हणाले, आणि विटकरी कापडाचा तागा ओढून टेबलावर उलगडला.

चौकशीचं असं असतं. वर्षातून एकदा घरातल्या प्रत्येकाला एकेकट्यानं बोलावतात, मापं घेतात, आणि घरातल्या दुसऱ्या माणसाचा एक दोष सांगायला लावतात. कायदा नवा होता तेव्हा घरंच्या घरं उद्ध्वस्त झाली म्हणे. मग लोक शहाणे झाले. चौकशीच्या आदल्या दिवशी जेवताना घरोघर दोष ठरू लागले. तू सांग मी घोरतो, मी सांगतो तू मीठ जास्त घालतेस. कुणी कुणाला काय द्यायचं यावरून लाडीक भांडणं व्हायची, पोरं हसून लोळायची. कार्यालयालाही ते ठाऊक होतं आणि ते डोळेझाक करायचं, निदान तसं सगळ्यांना वाटायचं. मास्तर आणि अक्का यांचं तर दहा वर्षं ठरलेलंच होतं: अक्का दिवे मालवायला विसरते, आणि मास्तर वेळेवर दाढी करत नाहीत. यंदा त्यांनी ते ठरवलंसुद्धा नाही. ठरवायचं काय त्यात? मास्तर आत गेले, खुर्चीवर बसले, चहा आला. अधिकारी ओळखीचा, मऊ बोलणारा. "दिवे मालवायला विसरते, दिवे मालवायला विसरते," तो थकल्यासारखा म्हणाला, "दहा वर्षं हेच लिहितोय मास्तर. यंदा वरून आलंय, तोच दोष पुन्हा चालायचा नाही. दुसरा सांगा." "दुसरा म्हणजे..." "काहीही सांगा हो. रकाना रिकामा सोडता येत नाही मला."

तागा उलगडताना मास्तरांना त्या खोलीतली प्रत्येक वस्तू आठवत होती. टेबलावरचा कागददाब, त्याला गेलेला तडा, चहावर धरलेली साय. खरंच त्यांना दोष सापडेना. त्यांनी प्रामाणिकपणे शोधला. अक्काचा स्वभाव हातात धरून त्यांनी उलटापालटा केला आणि कुठे उसवलेलं सापडलं नाही, आणि मग त्यांच्या मनात काहीतरी फुलून आलं, परक्या माणसापुढे घरच्या माणसाचं कौतुक करायची संधी मिळाली की येतं ते. उचलली जीभ लावली टाळ्याला. "आता एक आहे म्हणा," ते म्हणाले होते, आणि हसले होते. "शहरातल्या सगळ्यांचं सगळं अक्काला ठाऊक असतं. आजारी माणसं काय काय बोलतात तिच्यापुढे! पण कधी कुणाबद्दल वाईट शब्द काढणार नाही. मलासुद्धा सांगत नाही. हा दोषच म्हणायचा, नाही का?" अधिकारीही हसला होता. लिहिताना त्याची मान खाली होती. "छान," तो म्हणाला होता. जाताना त्यानं मास्तरांना दारापर्यंत सोडलं होतं, आणि मास्तर जिना उतरताना खूश होते. जाणूनबुजून दुसऱ्याचा दोष झाकणे, हे कलम त्यांना तोंडपाठ होतं. चोरापेक्षा चोर लपवणारा मोठा, हे शाळेतच शिकवतात. पण ते कलम चोर लपवणाऱ्यांसाठी आहे, अक्कासाठी असेल हे त्यांच्या स्वप्नातही आलं नव्हतं. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. पण इथे हात त्यांचा होता आणि अवलक्षण तिच्या कपाळी.

एक वाट होती. मास्तरांना ती माहीत होती कारण बावीस वर्षं ते तिच्यावर इतरांना चालू देत नव्हते. गळपट्टा नीट बसला नाही तर तो परत येतो. पुन्हा मापं, पुन्हा चिठ्ठी, महिना-सव्वा महिना जातो, आणि तोवर माणूस जुन्याच रंगात राहतो. महिन्याभरात अर्ज करता येतो, कुणाला तरी भेटता येतं, अधिकाऱ्यापुढे जाऊन म्हणता येतं की साहेब, मी गमतीनं बोललो. परत आलेल्या पट्ट्याबद्दल शिवणाऱ्याच्या नावावर एक राखाडी टिंब पडतं, तीन टिंबांचा एक राखाडी गळपट्टा. मास्तरांचं पान कोरं होतं. एकही पट्टा परत नाही, मुकादम नव्या लोकांना त्यांच्या टेबलापाशी आणून सांगायचा. एक टिंब. अक्कासाठी एक टिंब ही काय मोठी गोष्ट होती? त्यांनी खडू घेतला आणि दोन्ही खांदे सरळ आखले, पुस्तकातल्यासारखे, आणि कापले. कात्री कापडातून गेली तेव्हा त्यांना बरं वाटलं, खरंच बरं वाटलं. कॅनव्हास घातला, कच्चा टाका मारला, आणि कोपऱ्यातल्या लाकडी धडावर उतार चिठ्ठीप्रमाणे लावून पट्टा चढवून पाहिला. तो बघायची काही गरज नव्हती. बिघडवलेलं काम कुणी अंगावर घालून बघतं का? पण हात सवयीनं गेले.

डावीकडे पट्टा लाकडापासून उचलला गेला होता. मानेशी चुण्या पडल्या होत्या आणि उभ्या पट्टीची कड मानेच्या डाव्या बाजूला रुतत होती. मास्तर बघत राहिले. ही कड अक्काच्या मानेत रुतेल, त्यांच्या मनात आलं. महिनाभर नाही रुतणार, परत येईल तो, त्यांनी उत्तर दिलं. पण परत पाठवायच्या आधी एकदा तरी घालून बघावा लागतोच. आणि मुकादमानं आत्ताच पाहिलं तर? आणि आज धडावर दिसली ती चूक अधिकाऱ्यानं पाहिली, चिठ्ठी पाहिली, क्रमांक पाहिला, नातं पाहिलं, तर ते टिंब राहील का? तेही झाकणंच की. मग त्यांच्या मनानं एक फार गोड युक्ती काढली. घालायचाच आहे तिला, आज ना उद्या, तर निदान टोचू नये. एवढं तरी आपल्या हातात आहे. त्यांनी कच्चा टाका उसवला. नुसतं बघू, असं म्हणत डावीकडे खडूची रेघ पाऊण इंच खाली घेतली. नुसतं बघू, म्हणत कापलं. मऊ अस्तर लावलं, जे मुकादम मोठ्या लोकांच्या पट्ट्यांसाठी राखून ठेवायचा. दुपारी पट्टा पुन्हा धडावर चढला तेव्हा तो असा बसला की कुठे बोट शिरवायला जागा नाही. काजवाली येऊन उभी राहिली. "काय बसलाय मास्तर," ती म्हणाली, "जसा काही त्यातच जन्मलाय माणूस." आणि त्या वाक्यानं मास्तरांना आनंद झाला. क्षणभरच, पण झाला. त्यांना तो झाला हे कळलं आणि त्यांना स्वतःची किळस आली, आणि त्यांनी पट्टा काजवालीकडे सारला आणि चिठ्ठीवर सही केली.

संध्याकाळी अक्का घरी आली तेव्हा तिच्या गळ्यात पांढरा होता, दोन वर्षांपूर्वी दुसऱ्याच कुणाच्या टेबलावर शिवलेला. तिनं तो काढून खुंटीला लावला, हात धुतले, भाजी चिरायला घेतली. पलीकडच्या रस्त्यावरच्या म्हातारीकडे ती सध्या जात होती. "आज दोन घास जास्त गेले तिला," अक्का म्हणाली. मास्तर तिच्या मानेकडे बघत होते. डाव्या बाजूला, जिथे कड रुतली असती तिथे, एक छोटा तीळ होता. तो त्यांनी कधी पाहिला कसा नव्हता? आता सांगावं, त्यांनी ठरवलं. भाजी फोडणीला पडली की सांगावं. जेवण झालं की सांगावं. "अक्का," ते म्हणाले, "तुला ऑफिसातून काही... बोलावणं वगैरे?" अक्कानं भाजी चिरायची थांबवली नाही. "मला कशाला बोलावतायत? तू ताक घेणार का?" तिच्या आवाजात काहीच नव्हतं, आणि ते इतकं काहीच नव्हतं की मास्तरांना पुढे विचारता आलं नाही. चोराच्या मनात चांदणं, त्यांना वाटलं, तिला काही माहीत नाही. त्या दिवशी सांगायचं राहिलं. बुधवारी राहिलं. गुरुवारी त्यांनी सांगायचा विचार केला नाही. चुकूनही विचार येऊ नये म्हणून त्यांनी घरातल्या सगळ्या कात्र्यांना धार लावली.

शुक्रवारी सकाळी टपाल आलं. मास्तर दाढी करत होते. त्यांनी आरशातून पाहिलं: अक्कानं सही करून पुडकं घेतलं, दोरा न तोडता गाठ सोडली, पट्टा बाहेर काढला. तिला धक्का बसला नाही. तिनं निकालपत्र उघडून वाचलं, सावकाश, ओठ न हलवता, दोनदा. मग ते घडी करून बटव्यात घातलं, बटव्याची नाडी ओढली, आणि आरशापुढे येऊन मास्तरांच्या शेजारी उभी राहून विटकरी पट्टा गळ्यात चढवला. बटण लावलं. मान डावीकडे फिरवली, उजवीकडे फिरवली. "कसा बसलाय रे," ती म्हणाली. "कुठे म्हणून टोचत नाही. तूच शिवलास ना?" मास्तरांच्या गालावरचा फेस वाळत होता. ते म्हणाले, "अक्का." ती म्हणाली, "दुसऱ्या कुणाच्या हातात पडला असता तर ओरखडे पडले असते मानेला. बरं झालं." "काय लिहिलंय त्यात?" "काही नाही. ऑफिसातलं असतं तसलं, लांबलचक." ती खुर्चीवर बसली. मग सांगितलं तिनं. गेल्या महिन्यात दोनदा बोलावलं होतं. पहिल्यांदा गोड बोलले. म्हणाले, मुख्याध्यापक तापात काय बोलले तेवढं सांगा, बाकीचं जाऊ द्या. दुसऱ्यांदा गोड बोलले नाहीत. "मी म्हटलं, माणूस तापात असतो हो. शुद्धीत नसताना बोललेलं त्याचं नसतं." "मला बोलली नाहीस." "तू जेवला नसतास," अक्का म्हणाली. ऑफिसातल्यांना हे कुणी सांगितलं, कुठून कळलं, हे ती बोलली नाही आणि मास्तरांनी विचारलं नाही. निकालपत्रात सांगणाऱ्याचं नातं लिहिलेलं असतं हे मास्तरांना माहीत होतं. बटवा तिच्या मांडीवर होता आणि त्याच्यावर तिचा हात होता.

त्या म्हातारीच्या घराची किल्ली अक्काकडे होती. ती परत द्यायला हवी होती, कारण आता त्या उंबऱ्याच्या आत जाता येणार नव्हतं. मास्तरांनी रजा टाकली. "तू कशाला येतोस?" अक्का म्हणाली. "येतो," ते म्हणाले. जिन्यात मुख्याध्यापक भेटले. त्यांनी पट्टा पाहिला, आणि त्यांचा चेहरा आधी पांढराफटक आणि मग सैल पडला, इतका सैल की मास्तरांना त्यांच्या थोबाडीत द्यावीशी वाटली. "गुडघा कसा आहे?" अक्कानं विचारलं. ते उत्तर न देता उतरून गेले. रस्त्यावर ऊन होतं. पहिल्या चौकापर्यंत कुणी विचारलं नाही. लोक बघत होते, बाजूला होत होते, दुधाच्या दुकानाची रांग अक्का जवळून जाताना जराशी वाकडी झाली. मास्तर तिच्या डाव्या बाजूनं चालत होते आणि मनात म्हणत होते, कुणी विचारू नका, कुणी विचारू नका. लहानपणी अंधाऱ्या बोळातून जातानाही ते असंच काहीतरी पुटपुटत जायचे. किल्ली दारातूनच द्यावी लागली. म्हातारीची सून साखळी न काढता हात बाहेर काढून उभी राहिली. आतून म्हातारी हाक मारत होती, "आली का गं? आली का?" अक्का तिथून वळली तेव्हा पहिल्यांदा तिचे डोळे भरले होते.

परतताना पदपथावर एका बाईनं थांबवलं. बाई साधी होती, हातात पिशवी, पिशवीतून पालेभाजीचे देठ बाहेर आलेले, गळ्यात पांढरा. तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता. एखादं कर्तव्य राहून जाऊ नये अशी घाई होती. "काय केलंत?" तिनं विचारलं. अक्का थांबली. दोन्ही हात समोर धरले. स्पष्ट आवाजात म्हणाली, "मला इतरांचे दोष ठाऊक होते. मी ते जाणूनबुजून झाकले. विचारल्यावरही सांगितले नाहीत. याबद्दल मला हा रंग मिळाला आहे." आणि ती गप्प झाली. आजूबाजूची दोन-चार माणसं रेंगाळली. बाईनं हात पुढे केला. "निकालपत्र बघू." तो तिचा हक्क होता. अक्कानं बटव्याची नाडी सोडायला जरा वेळ लावला, मास्तरांच्या लक्षात यावा इतका. बाईनं कागद उघडला, ओळींवरून बोट फिरवलं आणि बोट एका जागी थांबलं. मग तिनं मास्तरांच्या पांढऱ्या पट्ट्याकडे पाहिलं. "तुम्ही यांच्यासोबत आहात ना? सोबतच्या पांढऱ्याची साक्ष लागते. सगळं म्हणाल्या का या?"

मास्तरांनी तो कागद वाचलेला नव्हता. मला माहीत नाही, एवढं म्हटलं असतं तर ते खरं ठरलं असतं आणि कायद्यालाही चाललं असतं. पण अक्का त्यांच्याकडे बघत नव्हती. ती समोरच्या भिंतीकडे बघत होती, आणि तिनं काय गाळलं आहे ते त्यांना कळलं. "सगळं म्हणाली," मास्तर म्हणाले. आयुष्यात इतक्या मोठ्यानं ते कधी बोलले नव्हते. बाईनं कागद त्यांच्यापुढे धरला. "मग ही ओळ वाचा." अक्षरं स्वच्छ होती. "वाचा ना. मोठ्यानं." मास्तरांनी वाचलं. "वरील दोष, सोबत राहणाऱ्या सख्ख्या धाकट्या भावाने सांगितला." "कोण हा भाऊ?" "मी." बाईचा चेहरा उजळला. "अहो, मग लपवता काय? सख्ख्या बहिणीचं सांगायला हिंमत लागते. किती जणांना जमतं?" मागून कुणीतरी म्हणालं, "खरंय." एका म्हाताऱ्यानं पुढे येऊन मास्तरांचा हात हातात घेतला आणि दाबला. त्यांना तो सोडवून घेता येईना. "मी तसं म्हटलं नव्हतं," ते कसंबसं म्हणाले, "मी तिचं चांगलं सांगत होतो." बाईच्या कपाळाला आठी पडली. तिनं एकदा अक्काकडे आणि एकदा मास्तरांकडे पाहिलं, आणि तिला काहीतरी आठवल्यासारखं झालं. "पण मग आत्ता तुम्ही 'सगळं म्हणाली' म्हणालात, ते कसं? खोटं बोललात की." तिनं पिशवी खाली ठेवली, आतून छोटी वही काढली, पेन्सिलीचं टोक जिभेला लावलं. "क्रमांक सांगा तुमचा."

चोपन्न वर्षांचे मास्तर भर उन्हात, माणसांच्या घोळक्यात उभे राहून रडू लागले. अक्का त्यांच्या आणि त्या बाईच्या मध्ये येऊन उभी राहिली, आणि उजव्या हातानं तिनं त्यांना मागे सारलं.

"त्याला काही बोलू नका," ती म्हणाली. "त्याच्या मनात तसं काही नव्हतं. लहान आहे हो तो."

बाईनं मान हलवली. "हेही लिहून घेते," ती म्हणाली.